टिळकांच्या केसमधला कार्सन म्हणजे तोच अल्स्टरवाला का?

पुणेरी_वाचक: टिळक-चिरोल खटल्याबद्दल वाचतोय (टिळकांनी चिरोल या ब्रिटिश पत्रकारावर केलेला बदनामीचा दावा). १९१९ साली लंडनच्या कोर्टात चिरोलच्या बाजूने सर एडवर्ड कार्सन उभा होता असं दिसतंय. आयर्लंडच्या इतिहासात पण एक कार्सन आहे, अल्स्टरचा (आयर्लंडचा उत्तर भाग), होमरूलच्या म्हणजे आयर्लंडच्या स्वराज्याच्या विरोधातला. एकच का?

जुना_वकील: एकच. आधी वकील, मग पुढारी. १८९५ ला ऑस्कर वाइल्डची उलटतपासणी यानेच घेतली, दोघं डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात एकाच काळात होते. वाइल्डने वय ३९ सांगितलं तर याने लगेच जन्मतारीख काढून दाखवली की बाबा तू चाळिशी ओलांडलीस. सुरुवातच अशी, पुढचं विचारू नका.

कोकणी_माणूस: मला गंमत वेगळीच वाटते. २८ सप्टेंबर १९१२ ला बेलफास्टच्या सिटी हॉलमध्ये युनियन जॅक पसरलेल्या टेबलावर होमरूलविरोधी प्रतिज्ञेवर पहिली सही याची, मग पुरुषांनी तीवर आणि बायकांनी वेगळ्या जाहीरनाम्यावर मिळून पावणेपाच लाखांच्या आसपास सह्या केल्या. १९१३ ला स्वयंसेवकांची फौज, एप्रिल १९१४ ला लार्न बंदरात जर्मनीहून आणलेल्या हजारो रायफली चोरून उतरवल्या. शिक्षा काय? १९१५ ला ॲटर्नी जनरल, पुढे नौदलाचा मंत्री!! आणि हाच माणूस टिळकांना चिथावणीखोर ठरवायला उभा. टिळकांनी अग्रलेख लिहिले तर मंडाले.

जुना_वकील: अहो, वकील ब्रीफ घेतो, मतं नाही. पण हो, मुद्दा टोचतो खरा.

बेलफास्टकर: इथे राहतो म्हणून लिहितो. बेलफास्टच्या स्टॉरमॉन्टला, उत्तर आयर्लंडच्या पार्लमेंटच्या इमारतीसमोर कार्सनचा हात उगारलेला मोठा पुतळा आहे, तो हयात असतानाच बसवलेला. पण माणूस मूळ डब्लिनचा, त्याला सगळं आयर्लंड ब्रिटनसोबत हवं होतं, सहा काउंट्यांचं (जिल्ह्यांचं) वेगळं उत्तर आयर्लंड हे त्याचं स्वप्न नव्हतंच, १९२१ ला पुढारीपण सोडलं आणि तिथला पहिला पंतप्रधान जेम्स क्रेग झाला. त्याच डिसेंबरात कार्सन ब्रिटिश संसदेच्या हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये चिडून बोलला की मी मूर्ख ठरलो, कन्झर्व्हेटिव्ह पक्षाला सत्ता मिळावी म्हणून खेळवलेलं बाहुलं होतो.

पुणेरी_वाचक: थँक्स सगळ्यांना. अजून एक, टिळकांकडून सर जॉन सायमन होता, तो "सायमन गो बॅक"वालाच ना?

जुना_वकील: तोच.