कॉलेज फुटबॉल २६ : केंट स्टेट घेऊन डायनॅस्टी, ऑप्शन फसतो आणि रिक्रूट हातचे जातात

लालझेंडा

ईए स्पोर्ट्सचा अमेरिकन फुटबॉलचा व्हिडिओ गेम कॉलेज फुटबॉल २६, प्लेस्टेशन ५ वर. मॅडनची (ईएचाच एनएफएल म्हणजे व्यावसायिक लीगवरचा गेम) चांगली सवय आहे, कॉलेजचा खेळ मात्र नवा. डायनॅस्टीत (अनेक सीझन एकच संघ चालवायचा मोड) मुख्य प्रशिक्षक म्हणून ओहायोतलं केंट स्टेट विद्यापीठ घेतलंय, काठिण्यपातळी व्हर्सिटी. २०२४ मध्ये बाराही सामने हरलेला संघ असल्यामुळे लगेच जिंकण्याची अपेक्षा नाही, पण खालच्या गोष्टी समजून घ्यायच्या आहेत.

१. रीड ऑप्शन (एका बचावपटूची हालचाल बघून चेंडू द्यायचा की ठेवायचा हे ठरवायची प्ले) लावला की चेंडू दर वेळी रनिंग बॅककडेच (चेंडू घेऊन धावणारा) जातो आणि तो जागच्या जागी आडवा होतो. क्वार्टरबॅक (पास टाकणारा, प्ले चालवणारा) स्वतः चेंडू ठेवतच नाही.

२. मॅडनमध्ये हमखास लागणारे आउट रूट (सीमारेषेकडे वळणाऱ्या रिसीव्हरला दिलेले पास) इथे इंटरसेप्ट होतात, म्हणजे समोरचा संघच झेलतो. तोच क्वार्टरबॅक मधल्या फळीत बरे पास टाकतो.

३. रिक्रूटिंग बोर्डावर (हायस्कूलमधले नवे खेळाडू मिळवायची यादी) ३५ च्या ३५ जागा भरल्यात, प्रत्येकाला थोडे थोडे तास दिलेत. तरी सगळे दुसऱ्या संघाला होकार देतात (कमिट होतात).

---

चौथाडाऊन

पहिल्याचं उत्तर बहुधा तुमच्या अंगठ्यात आहे. स्नॅप (चेंडू मागे देऊन प्ले सुरू करणं) एक्सने होतो आणि रीड ऑप्शनमध्ये एक्स धरून ठेवणं म्हणजे ‘बॅकला दे’ असा हुकूम. स्नॅप घेताना बटण दाबून तसंच धरलं तर वाचन होण्याआधीच निर्णय झालेला असतो. एक्स टिचकीसारखा दाबून सोडा. मग क्वार्टरबॅक आणि बॅक एकमेकांपाशी येतात त्या क्षणभरात ठरवा : द्यायचा असेल तर एक्स धरा, ठेवायचा असेल तर काहीच दाबू नका. एक्सबॉक्सवर हेच काम ए बटणाचं.

वाचायचं कोणाला? ज्याला मुद्दाम ब्लॉक केलेलं नसतं त्या एकाला, बहुतेक वेळा कडेच्या डिफेन्सिव्ह एंडला. स्नॅपआधी आर २ धरून प्लेची आखणी बघा, कोण मोकळा सुटतोय ते कळतं. तो आत बॅकच्या दिशेने घुसला, खांदे आत वळले, की चेंडू ठेवा आणि त्याने सोडलेल्या जागेतून बाहेर पळा. तो जागेवर थांबून क्वार्टरबॅककडे तोंड करून उभा राहिला की चेंडू द्या. नजर त्याच्या एकट्यावरच हवी. चेंडूकडे किंवा बॅककडे बघत बसलात तर उशीर ठरलेला.

एवढं करूनही कधी कधी फसतं, त्याचं कारण वेगळं. एंड आत घुसतो, तुम्ही चेंडू ठेवता, आणि त्याच्या मागून लाइनबॅकर वळसा घालून नेमका तुमच्या वाटेवर येतो. याला स्क्रेप म्हणतात. एंडने दाखवलेलं आमिष असतं ते. एकाच मालिकेत दोनदा असं झालं तर टाइट एंड किंवा एच-बॅक एंडला वळसा घालून त्या लाइनबॅकरला ब्लॉक करतो अशी प्ले निवडा. नाहीतर त्याच फॉर्मेशनमधला (खेळाडूंच्या मांडणीतला) आरपीओ लावा, म्हणजे धाव की पास हे ऐन वेळी ठरवायची प्ले. लाइनबॅकर बाहेर धावला की त्याने सोडलेली जागा स्लँटला (आत तिरक्या धावणाऱ्या रिसीव्हरचा पास) मोकळी मिळते.

आरपीओत रेंगाळू नका. कॉलेजच्या नियमात पासच्या वेळी ऑफेन्सिव्ह लाइनमन रेषेपुढे ३ यार्डांपर्यंत जाऊ शकतात, एनएफएलमध्ये १ यार्ड. ही सवलत आहे म्हणूनच कॉलेजात आरपीओ इतका चालतो, पण लाइन तर धावेसाठीच पुढे सरकत असते. चेंडू धरून दोन पावलं जास्त घेतलीत की अपात्र खेळाडू पुढे गेल्याचा ५ यार्डांचा दंड बसतो.

ट्रिपल ऑप्शन आवडत असेल तर आर्मी, नेव्ही किंवा एअर फोर्सचं प्लेबुक घेऊन सराव मोडमध्ये बसा. पिच (चेंडू बाजूला किंवा मागे साथीदाराकडे फेकणं) एल १ वर आहे. समोरचा बचावपटू तुमच्यावर झेप घ्यायच्या आधी पिच करा. टक्कर होत असताना केलेला पिच जमिनीवर पडतो, आणि तो फॉरवर्ड पाससारखा मृत होत नाही, ज्याच्या हाती लागेल त्याचा.

---

हॅशमार्क

दुसऱ्या प्रश्नात क्वार्टरबॅकचा दोष कमी, भूमितीचा जास्त. मैदान कॉलेज आणि एनएफएल, दोन्हीकडे १६० फूट रुंद. एनएफएलमध्ये दोन हॅशमधलं (मैदानाच्या लांबीने जाणाऱ्या खुणांच्या दोन ओळी; प्ले त्यांच्या दरम्यान किंवा त्यांवरून सुरू होते) अंतर साडेअठरा फूट, म्हणजे चेंडू जवळजवळ मध्यभागीच राहतो. कॉलेजात ते अंतर ४० फूट आहे. चेंडू डाव्या हॅशवर असेल तर डावीकडे ६० फूट आणि उजवीकडे १०० फूट जागा. रुंद बाजूला फील्ड म्हणतात, अरुंद बाजूला बाउंड्री.

आता डाव्या हॅशवरून उजव्या सीमारेषेजवळचा १२ यार्डांचा आउट टाकून बघा. चेंडूला आडवाच ३० यार्डांहून जास्त प्रवास करावा लागतो, तेवढ्या वेळात कॉर्नर (रिसीव्हरला अडवणारा बचावपटू) मधे येतो. केंट स्टेटसारख्या संघात थ्रो पॉवर बेताचीच असते, मग तर विचारूच नका. आउट आणि कमबॅक बाउंड्रीकडे टाका. फील्डकडे बबल स्क्रीन, क्रॉसिंग रूट, किंवा तीन रिसीव्हर त्या बाजूला ठेवून आतल्या दोघांपैकी एक. धावायचं असेल तर स्पीड ऑप्शन आणि जेट स्वीपही फील्डकडेच न्या. मनुष्यबळ कमी असलेल्या संघाला ती जास्तीची जागा हाच मोठा आधार. मॅडनवाले नेमकी तीच वाया घालवतात, कारण त्यांना चेंडू कुठल्या हॅशवर आहे ते बघायची सवयच नसते.

बटणाचंही बघा. पासचं बटण नुसतं टिचकावलं तर चेंडू उंच, तरंगत जातो. धरून ठेवलं तर सपाट आणि वेगाने. आउटला सपाटच हवा. पण मीटर भरून पुढे गेला की अचूकता ढासळते. मीटर त्रासदायक वाटत असेल तर सेटिंगमध्ये क्लासिक पासिंग आहे.

फील्ड गोललाही हॅश नडतो. खांबांमधलं अंतर कॉलेज आणि एनएफएल दोन्हीकडे साडेअठरा फूटच, पण कॉलेजचा हॅश मध्यापासून २० फूट दूर, त्यामुळे जवळून मारताना कोन बराच तिरका होतो. तिसऱ्या डाऊनला (चारपैकी तिसऱ्या प्रयत्नाला) यश येणार नाही असं दिसत असेल तर चेंडू मध्याकडे आणणारी धाव लावा, मग किक घ्या.

आणखी दोन फरक. झेल घेताना एकच पाय आत असला तरी पुरतो, म्हणून सीमारेषेजवळ बाउंड्रीकडचे पास मॅडनपेक्षा स्वस्तात मिळतात. आणि गुडघा टेकला की खेळाडू डाऊन, कोणी स्पर्श केलेला नसला तरी. डाइव्ह मारून झेल घेतला की उठून पळता येत नाही. पुढे मोकळं मैदान दिसत असताना डाइव्ह मारू नका.

---

पाइपलाइन

तिसऱ्यावर लिहितो. बोर्डाच्या ३५ जागा ही मर्यादा आहे, सगळ्या भरल्याच पाहिजेत असं कुठेच नाही.

हिशोब मांडून बघा. समजा आठवड्याला ३०० तास मिळतात (आकडा संघाच्या प्रतिष्ठेवर आणि कोचच्या कौशल्यांवर ठरतो). ३५ जणांत वाटले तर माणशी साडेआठ तास. थेट मेसेजलाच १० तास लागतात, म्हणजे तुम्ही सोशल मीडिया शोधण्याच्या ५ तासांच्या पलीकडे जाऊच शकत नाही. समोरचा संघ त्याच मुलावर आठवड्याला ५० ओततोय. त्या मुलाची आवड दाखवणारी तुमची पट्टी कधीच भरणार नाही.

खर्च साधारण असा : स्कॉलरशिपची ऑफर ५ तास, एकदाच. सोशल मीडिया ५, मेसेज १०, मित्र-कुटुंबाशी संपर्क २५, ‘सेंड द हाउस’ (सगळा जोर एकदम लावणं) ५०. पुढच्या टप्प्यात सॉफ्ट सेल (संघाची हलकी भलामण) २०, स्वे (मुलाची आवड बदलणं) ३०, हार्ड सेल (जोरदार भलामण) ४०. एका रिक्रूटवर आठवड्याला सुरुवातीला ५० तासांची कमाल मर्यादा असते. वापरले नाहीत ते तास पुढच्या आठवड्यात जात नाहीत, तेव्हा आठवडा पुढे ढकलण्याआधी शिल्लक शून्यावर आणा.

प्रीसीझनमध्ये क्रम असा ठेवा.

आधी तुमच्या विद्यापीठाच्या श्रेणी बघा. एकूण १४ आहेत. दुबळ्या संघाची ‘प्लेइंग टाइम’ची श्रेणी बऱ्याच जागांवर चांगली असते, कारण तिथे खेळणारे कमी असतात. ‘चॅम्पियनशिप कंटेंडर’ आणि ‘ब्रँड एक्स्पोजर’ मात्र तळाला. मग यादी लावताना ओहायो आणि आसपासची राज्यं धरा, म्हणजे घरापासूनचं अंतर तुमच्या बाजूने राहील. दोन आणि तीन ताऱ्यांचे खेळाडू बघा, आणि मुख्य म्हणजे ज्यांच्या टॉप यादीत तुम्ही आधीच दिसता असे. चार ताऱ्यांचा मुलगा यादीत तुम्हाला आठव्या क्रमांकावर दाखवत असेल तर त्याला हात लावू नका.

डीलब्रेकर, म्हणजे मोडता घालणारी अट, तपासायला विसरू नका. प्रत्येकाची एक अट असते. त्या श्रेणीत तुम्ही कमी पडलात तर कितीही तास घातले तरी दार बंद. हीच अट तुमच्या संघात असलेल्या खेळाडूंनाही लागू आहे, आणि सीझननंतर पोर्टलमध्ये (संघ बदलणाऱ्यांची यादी) जाणारे बरेचसे तिथूनच निसटतात.

पहिल्याच आठवड्यात सगळ्यांना ऑफर द्या, ५ तासांत इतका परिणाम देणारं दुसरं काही नाही. मग १५ ते २० जणांना स्काउट करा. हिरवा हिरा दिसला तर तो ताऱ्यांच्या मानाने सरस. लाल खूण आली तर लगेच काढून टाका, लागलेल्या तासांची हळहळ नको. उरलेल्यांतले पाच-सहा जण पूर्ण ५० तासांनी धरा. ते कमिट झाले की तेच तास पुढच्या पाच-सहांना.

हार्ड सेल कधी? त्या मुलाला महत्त्वाच्या वाटणाऱ्या तीनही गोष्टी भलामणीच्या एकाच मुद्द्यात (पिचमध्ये) बसत असतील आणि तिथे तुमच्या श्रेणी चांगल्या असतील तेव्हाच. नुसत्या अंदाजावर हार्ड सेल लावण्यापेक्षा ‘सेंड द हाउस’ बरा. स्वे दुबळ्या संघाला परवडत नाही. मुलाची आवड बदलत बसण्यापेक्षा ज्याची आवड जुळते तो शोधा.

नेटवर सल्ले शोधताना खेळाचं वर्ष बघून घ्या. ही मालिका २०१३ च्या एनसीएए फुटबॉल १४ नंतर थेट २०२४ मध्ये परत आली. १४ मधली पॉइंटांची रिक्रूटिंग पद्धत इथे लागू पडत नाही.

---

लालझेंडा

एक्स धरून ठेवण्याचीच गडबड होती, सराव मोडमध्ये चेंडू आता ठेवता येतोय. पुढचे प्रश्न : क्वार्टरबॅकला पळवलं तर चार-पाच सामन्यांत तो निकामी होईल का? आणि ओक्लाहोमासारख्या मैदानावर प्लेची आखणी थरथरते, रिसीव्हरची बटणं गोंधळतात, त्याला उपाय काय?

---

चौथाडाऊन

होईल, काळजी घेतली नाही तर. वेअर अँड टेअरमध्ये (खेळातली शरीराच्या झिजेची मोजणी) शरीराच्या प्रत्येक भागाची वेगळी नोंद असते. पायावर वारंवार मार बसला की वेग आणि चपळाई उतरते, फेकणाऱ्या हाताला बसला की पासवर परिणाम होतो. आठवडा उलटला की भरपाई होते, पण पूर्ण नाही, म्हणून सीझनच्या मध्यावर संघ थकलेला दिसतो. बाय वीक (सामना नसलेला आठवडा) त्यासाठी मोलाचा.

क्वार्टरबॅकला मोकळ्यात स्लाइड करायला लावा. शेवटच्या दोन यार्डांसाठी लाइनबॅकरला धडकणं फक्त चौथ्या डाऊनला किंवा गोल लाइनवर. बॅक दोन ठेवा आणि धावा त्यांच्यात वाटा. मोठ्या फरकाने मागे असाल तर चौथ्या क्वार्टरला पहिली फळी बाहेर काढा.

रेडशर्टचं (खेळण्याच्या पात्रतेतलं एक वर्ष न खर्चता राखून ठेवणं) गणितही इथेच जुळवता येतं. एनसीएएच्या नियमाने खेळाडू ४ सामन्यांपर्यंत उतरला तरी त्याचं रेडशर्ट वर्ष वाचतं. नव्या मुलांना असे हातचे गेलेले सामने द्या; मुख्य खेळाडूंना विश्रांती मिळते आणि वर्षही फुकट जात नाही.

---

हॅशमार्क

गोंगाटाबद्दल. टेक्सस ए अँड एमचं काइल फील्ड, अलाबामाचं ब्रायंट-डेनी, एलएसयूचं टायगर स्टेडियम ही या खेळातली अवघड ठिकाणं, पण कुठलंही मोठं मैदान दुबळ्या संघाला हलवतं. त्रास सर्वांत जास्त तिसऱ्या डाऊनला, म्हणून पहिल्या दोन डाऊनमध्ये छोटे, खात्रीचे यार्ड घ्या. तिसऱ्याला २ यार्ड उरले तर आखणी बघायची गरजच पडत नाही.

रूट प्ले निवडण्याच्या पडद्यावरच पाठ करा, तिथे गोंगाटाचा परिणाम नसतो. परक्या मैदानासाठी दोन फॉर्मेशन आणि त्यातल्या सात-आठ प्ले पुरेत. ऑडिबल (स्नॅपआधी ऐन वेळी प्ले बदलणं) कमीत कमी. कोणत्या रिसीव्हरला कोणतं बटण हे त्या सात-आठ प्लेपुरतं लक्षात असलं की चिन्हं हलली तरी हात चुकत नाही. अनुभवी क्वार्टरबॅक अशा वेळी जास्त स्थिर राहतो. गुण दोन-तीनने कमी असला तरी परक्या मैदानावर सीनियरलाच उतरवा.

केंट स्टेटला पहिल्याच सीझनमध्ये टेक्सस टेक, फ्लोरिडा स्टेट आणि ओक्लाहोमा, तिन्हीकडे बाहेर जाऊन खेळायचंय. सीझन सुरू होण्याआधी वेळापत्रकातले कॉन्फरन्सबाहेरचे (आपल्या गटाबाहेरच्या संघांशी असलेले) सामने बदलता येतात. तिन्ही ठेवायचा हट्ट नको. निदान एकाच्या जागी आपल्या तोडीचा संघ घरच्या मैदानावर बोलवा.

---

पाइपलाइन

वरच्या मुद्द्याला रिक्रूटिंगची जोड आहे. रिक्रूटची भेट घरच्या सामन्याच्या आठवड्यातच ठेवता येते आणि तो सामना जिंकलात तर परिणाम वाढतो. त्यामुळे घरचा जिंकण्याजोगा सामना म्हणजे भेटींची तारीख. मुलाची यादी पाचांवर आली की भेट लगेच ठरवा, कारण चांगल्या तारखा भरतात. भेटीतला कार्यक्रम त्याच्या आवडीशी जुळणारा निवडा. एकाच जागेवर खेळणारे दोघे एकाच आठवड्यात बोलावू नका, नुकसान होतं. क्वार्टरबॅक आणि वाइड रिसीव्हर एकत्र बोलावले तर दोघांनाही फायदा.

आणि सीझन संपताना संघातल्या ८५ खेळाडूंची मर्यादा लक्षात ठेवा. पोर्टलमधून माणसं घेताना ऑफेन्सिव्ह लाइनला आधी हात घाला. हायस्कूलमधून आलेल्या लाइनमनची ताकद वाढायला दोन-तीन वर्षं जातात, आणि तुमचा सगळा ऑप्शन त्यांच्याच ब्लॉकवर उभा आहे.