दादांना दाखवण्याजोगा हिंदी पिक्चर सुचवा (डोक्याच्या डॉक्टरबद्दलचा)

तापीकाठ (चोपडा तालुका):
घरची केळी. मागच्या पावसाळ्यात सीएमव्ही (केळीवरचा विषाणूरोग) आला आणि दादांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, अडीच हजार रोपं स्वतः उपटून बांधावर टाकली. नवीन लागवड झाली, पण दादांची झोप गेली ती गेलीच. रात्री दोनला उठून मोटर बघायला जातात, लाईट नसली तरी. जेवण एका भाकरीवर आलंय. जळगावला मानसोपचारवाल्या डॉक्टरांकडे जाऊ म्हटलं की एकच उत्तर, "मी काय येडा शे का?"

मग मी शक्कल लढवली. 'डिअर जिंदगी' (2016) लावला. शाहरुख गोव्याच्या किनाऱ्यावर आलियाला समुद्राशी कबड्डी खेळायला लावतो, तिथे दादा कितीतरी दिवसांनी हसले. वाटलं, जमलं. पिक्चर संपल्यावर विचारतात, "या डॉक्टरले दुसरा पेशंट नहीत का? आन फी कितली लेस?"

नंबर लावणं, गोळ्या, पुन्हा पुन्हा चकरा, असं खरं दाखवणारा हिंदी पिक्चर आहे का एखादा?

जुना_पडदा (धुळे):
दादांचं काही चुकलं नाही. 'खामोशी' (1969) आठवा. वहिदा नर्स. मोठे डॉक्टर तिला पेशंटवर प्रेमाचं नाटक करायला लावतात, पेशंट बरा होऊन घरी जातो आणि ही त्याच दवाखान्यात पेशंट होते. गाणी अप्रतिम, उपचार मात्र भयंकर. 'भूलभुलैया'त (2007) अक्षयकुमार अमेरिकेहून आलेला मानसोपचारतज्ज्ञ, पण शेवटी कामाला येतात आचार्य आणि एक बाहुला. आपल्याकडचा भगत म्हणेल, मग मी काय वेगळं करतो?

आणि दादांच्या वयाच्या लोकांनी 'दामिनी' (1993) थेटरात पाहिलाय. चांगली शहाणी बाई, खरं बोलते म्हणून वेड्यांच्या इस्पितळात. त्यांच्या डोक्यात 'डॉक्टर' म्हणजे ती जाळीची खिडकी आहे. त्यावर आलियाचा गोवा कुठे पुरणार?

मराठी चालत असेल तर 'देवराई' (2004) बघा. अतुल कुलकर्णीला स्किझोफ्रेनिया आहे, आणि सांभाळणाऱ्या बहिणीची दमछाकही दिसते. पण दादांना आत्ता दाखवू नका, धसका घेतील.

सिस्टर_भुसावळ:
भाऊ, पिक्चर राहू द्या. बावीस वर्षं वॉर्डात काढलीत, म्हणून स्पष्ट सांगते.

'मन' हा शब्दच काढू नका. "झोपेसाठी दाखवू" म्हणा, ते खोटंही नाही. शॉकची भीती असेल तर सांगा, 2017 च्या कायद्याने भूल दिल्याशिवाय शॉक देताच येत नाही, आणि बहुतेकांवर ती वेळही येत नाही. गोळ्यांचा गुण यायला दोन ते चार आठवडे लागतात. पिक्चरमध्ये लहानपणीची एक गोष्ट आठवते, माणूस रडतो आणि मोकळा होतो. इथे आठ दिवसांत फरक नाही म्हणून लोक गोळ्या उकिरड्यावर टाकतात.

एक महत्त्वाचं. जिवाचं बरंवाईट करायचं मनात येतं का, हे दादांना सरळ विचारा. विचारल्याने विचार येत नाही. फवारणीचं औषध आजच घरातून आणि खळ्यातून हलवा. रात्री काही वाटलंच तर 14416, टेलिमानस, सरकारी आहे, फुकट आहे, मराठीत बोलतात.

तापीकाठ:
सिस्टर, औषधाचे डबे त्याच रात्री काकांकडे नेऊन ठेवले. विचारलंही. दादा बराच वेळ गप्प होते, मग म्हणाले, "येस कधी कधी." (येतं कधी कधी.) पुढे काही बोलले नाहीत, मीही नाही.

काल एसटीने जळगावला गेलो. नंबर एकतीस. बाकावर शेजारच्या गावचे कापसाचे व्यापारी भेटले. दादा घाईघाईने म्हणाले, "पोऱ्याले दखाडाले वनू." (पोराला दाखवायला आलोय.) ते म्हणाले, "मी बी." त्यांच्यासोबत पोरगा नव्हता. मग दोघं तासभर कापसाच्या भावावर बोलले.

डॉक्टरांनी दहा मिनिटं दिली. खुर्ची प्लास्टिकची, खिडकीतून समुद्राऐवजी दुचाक्यांचं पार्किंग. पण रोपं किती उपटली ते त्यांनी विचारलं. दादांनी आकडा सांगितला आणि रुमाल काढला.

पंधरा दिवसांनी परत बोलावलंय. घरातल्या कॅलेंडरवर त्या तारखेला दादांनी स्वतः लिहिलंय, 'मोटर दुरुस्ती'.