ग्रिम बंधू गावोगाव हिंडलेच नव्हते

रानजाई
काल लोककथांवरच्या चर्चेत एकांनी लिहिलं, की जर्मनीतल्या ग्रिम बंधूंनी, याकोब आणि विल्हेल्मनी, खेड्यापाड्यांत हिंडून अडाणी शेतकऱ्यांच्या कथा जशाच्या तशा उतरवल्या आणि संशोधकांनी नंतर उगाच खुसपटं काढली. उत्तर लांबलं, म्हणून वेगळा धागा. अहो, पहिल्या खंडातल्या बहुतेक कथा त्यांनी आपल्या कासेल शहरातच ऐकल्या! सांगणाऱ्या विल्ड, हासेनफ्लुग अशा सुखवस्तू घरांतल्या शिकलेल्या मुली. हासेनफ्लुगांची आई तर ह्युगनॉट, म्हणजे फ्रेंच प्रोटेस्टंट घराण्यातली. कथा सांगणारी 'मारी' म्हणजे विल्डांच्या घरातली म्हातारी मोलकरीण, असं विल्हेल्मच्या मुलाने सांगितलं आणि पिढ्यान्‌पिढ्या तेच चाललं. १९७५ मध्ये ग्रिमचे अभ्यासक हाइन्त्स रोलेकेंनी दाखवून दिलं की ती मारी हासेनफ्लुग, विशीतली मुलगी. ही खुसपटं?

पाटावरवंटा
ते मीच लिहिलंय. डोरोथेआ फीमानला कुठे टाकलंत? शिंप्याची बायको, कासेलला भाजी विकायला यायची. ग्रिमच्या कथासंग्रहाच्या १८१५ च्या दुसऱ्या खंडात कितीतरी कथा तिच्या. माझी आजी शेणी थापता थापता गोष्टी सांगायची. तिच्या गोष्टीला कुणाच्या हस्तलिखिताचा दाखला लागला नाही.

रानजाई
फीमान खाणावळवाल्याची लेक, बापाकडून ह्युगनॉटच. ग्रिमनी प्रस्तावनेत तिला शेतकरीण केलं. आणि 'जशाच्या तशा' कुठल्या? १८१२ च्या पहिल्या आवृत्तीतली, मनोऱ्यात कोंडलेली रापुन्झेल चेटकिणीला विचारते, माझे कपडे घट्ट का होताहेत? म्हणजे दिवस गेलेत तिला. पुढच्या आवृत्त्यांत तो प्रश्नच गायब.

अर्धविराम
विषयांतर होईल, पण सावत्र आईचं कुणीच का बोलत नाही? १८१२ मध्ये हिमगौरीच्या जिवावर उठलेली सख्खी आई आहे. १८१९ मध्ये विल्हेल्मने ती सावत्र केली. हान्सेल-ग्रेटेलची आई १८४० मध्ये सावत्र झाली. मला सावत्र आईनेच वाढवलं. तिसरीत स्नेहसंमेलनात मी हिमगौरी झाले होते. झगा तिने दोन रात्री जागून शिवला, गळ्याला लेस स्वतःच्या जुन्या ब्लाउजची. राणी रंगमंचावर आली तशा मागच्या बायका तिच्याकडे वळून बघायला लागल्या. घरी येईपर्यंत ती एक शब्द बोलली नाही.

पाटावरवंटा
वाईट वाटलं वाचून. पण तेव्हा बाळंतपणात बायका जायच्या, घरोघरी सावत्र आया होत्या. विल्हेल्मने खोटं काय लिहिलं?

अर्धविराम
खोटं लिहिलं असं मी कुठे म्हटलं? नीट वाचा तरी! सख्ख्या आईचं पाप सावत्रीच्या माथी मारलं, एवढंच म्हणतेय. लेखणीच्या एका फटकाऱ्याने. आणि त्याचे चटके दोनशे वर्षं कुणाकुणाला बसले, ते मला विचारा.

सांजवात
सांगणारीचं नाव का दडावं, हा माझा सल. मुंबईच्या गव्हर्नरची मुलगी मेरी फ्रिअर हिने आपल्या दिमतीच्या आयेकडून, म्हणजे दाईकडून ऐकलेल्या कथा १८६८ मध्ये छापल्या, तेव्हा त्या अ‍ॅना डिसूझाची स्वतःची कहाणीही पुस्तकाच्या आरंभी घातली. माझ्या मावशीच्या ओव्या मात्र एक बाई टेप करून घेऊन गेल्या. पुस्तकात छापलं, 'एक ग्रामीण स्त्री'. म्हणून ते रोलेके मला आपले वाटतात.

पाटावरवंटा
मारीचं मान्य. 'जशाच्या तशा'ही मागे घेतो. फीमानवरून मात्र हटणार नाही.

अर्धविराम
आत्ता आईला फोन करून १८१२ चं सांगितलं. थोडा वेळ गप्प होती. मग म्हणाली, "म्हणजे आधी सख्खीच होती होय?"