बार्बरा डिक्सन: लोकगीतं सुटली कुठे?

स्कॉटिश गायिका-अभिनेत्री बार्बरा डिक्सन 'पैशासाठी लोकगीतं सोडून नाटकात गेली' असं कुणी म्हटलं, तर ते मला अजिबात पटत नाही. स्कॉटलंडमधल्या डनफर्मलिनची ही मुलगी एडिनबरात सरकारी नोकरी करत फोक क्लबांत, म्हणजे लोकगीतांच्या क्लबांत, गायची. १९७४ साली नाटककार विली रसेलने बीटल्सवरच्या आपल्या नाटकासाठी लिव्हरपूलला तिला घेतलं, ते क्लबांतलं तिचं गाणं माहीत होतं म्हणूनच. त्या नाटकात ती अभिनय करतच नव्हती. पियानोवर बसून बीटल्सची गाणी स्वतःच्या ढंगात म्हणायची आणि त्यातून गोष्ट पुढे सरकायची. नाटक लंडनला गेलं, मग रेकॉर्डचा करार झाला. हिट गाणी आली ती त्यानंतर!

१९८३ च्या रसेलच्याच 'ब्लड ब्रदर्स' या संगीत नाटकातही तेच. अभिनयाचा अनुभव नसताना रसेलनेच तिला मिसेस जॉनस्टोन या आईच्या भूमिकेसाठी तयार केलं. शेवटी दोन्ही जुळे मुलगे मरून पडलेले असताना आईने गायचं असतं. तिथे आवाज दाखवायला गेलं की सगळं खोटं वाटतं. गोष्ट सांगत सरळ गायची लोकगीतांची सवयच तिथे कामाला आली असं मला ठामपणे वाटतं. त्या भूमिकेला लंडनच्या रंगभूमीचा ऑलिव्हिए पुरस्कार मिळाला, पुढे 'स्पेंड स्पेंड स्पेंड' या संगीत नाटकासाठी दुसरा. आणि नंतरच्या अल्बमांत ती पुन्हा स्कॉटिश लोकगीतांकडेच वळली आहे.