सिरियल आणि रील्समधली नर्स अशी का असते?

आयसीयू_सिस्टर:
मी आयसीयूत ड्युटी करते. घरी सिरियल चालू असते, त्यात हॉस्पिटलचा सीन आला की नर्स काय करते तर ट्रे घेऊन उभी राहते आणि "डॉक्टर, पेशंटला शुद्ध आली" म्हणत पळते, झालं तिचं काम. सलाईन डॉक्टर लावतो, इंजेक्शन डॉक्टर देतो, रात्रभर उशाशी पण डॉक्टरच. असं कुठे असतं? बीपी पडलं, सॅच्युरेशन (रक्तातला ऑक्सिजन) खाली यायला लागलं हे आधी आमच्या लक्षात येतं, कॉल आम्ही देतो आणि डॉक्टर येईपर्यंत सीपीआर, म्हणजे छाती दाबणं, पण आम्हीच सुरू केलेला असतो. रील्स आणि कॉमेडी स्किटबद्दल तर बोलायलाच नको, टाइट ड्रेस, लिपस्टिक आणि सिस्टरसाठी मुद्दाम आजारी पडणारा पेशंट. तेच बघून काही लोक वॉर्डातही तसंच बोलतात, फार राग येतो. कुठे नीट दाखवलंय का?

फिल्मी_कोल्हापूर:
ताई, मल्याळम 'टेक ऑफ' बघा, २०१७ चा. २०१४ मध्ये इराकच्या तिक्रितमध्ये आपल्या ४६ नर्स अडकल्या होत्या त्यावर आहे. पार्वतीने केलेली नर्स कर्ज फेडायला तिकडे जाते, घरचं टेन्शन, नोकरी, भीती सगळं आहे, नुसती "सेवामूर्ती" नाही केलेली. केरळात घरोघरी नर्स आहेत म्हणून लिहिणाऱ्याला माहीत असतं बहुतेक.

ब्रदर_नाशिक:
आम्ही ब्रदर लोक, म्हणजे पुरुष नर्स, तर कुठेच नसतो, असलो तर चेष्टेला. आणि मॉनिटरवर सरळ रेष आली की हिरो डॉक्टर शॉक देतो आणि पेशंट उठून बसतो, अहो सरळ रेषेला शॉक देतच नाहीत, तिथे सीपीआर आणि इंजेक्शनने अ‍ॅड्रेनालिन. मग नातेवाईक आमच्यावर ओरडतात की शॉकचं मशीन का लावत नाही.

मीना_ठाणे:
२६/११ ला कामा हॉस्पिटलात अंजली कुलथे सिस्टरांनी २० गरोदर बायकांना पॅन्ट्रीत हलवून वाचवलं, एका बाईला कळा सुरू झाल्या तर तिला त्या गोळीबारातच लेबर रूमला घेऊन गेल्या. नंतर कसाबला ओळखलं, कोर्टात साक्ष दिली. त्या रात्रीवर एवढं काही निघालं पण हल्ला म्हटलं की लोकांना पोलीस आणि ताजच आठवतं.

आयसीयू_सिस्टर:
मीनाताई, हो ना. आणि त्या तेव्हा नाइट ड्युटीवर होत्या, वॉर्डातले पेशंट सांभाळत होत्या, ते तसंच दाखवा ना, वरून काही घालायची गरजच नाही. दादा, शॉकचं तुम्ही एकदा नीट सविस्तर लिहा, मी नातेवाइकांना वाचायला देईन.