ओळख दाराबाहेर ठेवून ग्रामसभेत यायचं का?

मांजराकाठ

१७ सप्टेंबर आला की मराठवाड्यात निजामाच्या राज्यातून सुटल्याच्या मुक्तिसंग्रामाची आठवण निघते, आणि तिच्या मागोमाग आमच्याकडं एक प्रश्न येतो: झेंडावंदनाला मुसलमान किती होते? यंदा तालुक्याच्या व्हॉट्सॲप गटावर एका निवृत्त गुरुजींनी त्यावर लिहिलं, "तुम्ही लोक नागरिक म्हणून पुढं या, मुसलमान म्हणून नको. मग कुणाचीच तक्रार राहणार नाही." गुरुजींचा हेतू स्वच्छ आहे, मी त्यांच्याच हाताखाली शिकलो. पण हे मला पटत नाही.

आमच्या ग्रामसभेत नुसता नागरिक म्हणून कोण येतो? भावकी येते, गल्ली येते, वस्तीवरचे वेगळे बसतात, समाजमंदिराचा विषय निघाला की त्या त्या समाजाचे लोक उभे राहतात. गाव असंच असतं. मग ओळख दाराबाहेर काढून ठेवायची अट एकट्या आम्हालाच का? टोपी घातलेला माणूस नळाला पाणी मागतो तेव्हा तो पाणीच मागत असतो.

आता आपल्या लोकांना सांगायचं ते. काम असलं की मोहल्ल्यातले चार जिम्मेदार पुढाऱ्याकडं जातात. मागणी ठरलेली: कब्रस्तानची संरक्षक भिंत, नाहीतर शादीखाना. भिंत हवीच. पण नाली, घंटागाडी, अंगणवाडी, शाळेतली शिक्षकाची रिकामी जागा, हे कुणी मागायचं? २००९ च्या शिक्षण हक्क कायद्यानं शाळा व्यवस्थापन समितीत ७५ टक्के सदस्य पालक ठेवलेत, आणि समितीत निम्म्या बायका. आमच्या भागातल्या एका उर्दू शाळेत हे रजिस्टर शिपायाच्या हाती घरोघर फिरतं. आया पीठ मळता मळता हात पुसतात, सही करतात, रजिस्टर पुढच्या घरी जातं. बैठक झाली असं लिहिलं जातं. ग्रामसभेआधी महिलांची वेगळी सभा घ्यायचा नियम आहे, तिथंही हीच गत.

आपल्या नावानं, ओळख न लपवता यायचं, आणि मागायचं ते साऱ्या गावाचं. जिम्मेदारांची वाट बघायची नाही.

गोदातीर

भाऊ, दुसरा भाग शंभर टक्के पटला, पहिला नाही. तुम्ही म्हणता भावकी चालते तर आमची ओळखही चालावी. मी म्हणतो भावकीही चालू नये, भावकीनंच आमची गावं खाल्ली.

आमच्या नांदेडला २०१२ मध्ये महापालिकेत ओवैसींच्या एमआयएम पक्षाचे ११ नगरसेवक आले. २०१९ ला औरंगाबादला त्यांचा खासदार आला, ४,४९२ मतांनी. शेजारच्या पोरांचा आनंद मी डोळ्यांनी पाहिला, तो खोटा नव्हता. पण पुढं काय झालं? प्रत्येक निवडणूक 'ते की आपण' यावर गेली, पाणी आणि रस्ता मागं पडला. तुम्ही ओळख घेऊन उतरलात की समोरचाही घेऊन उतरतो, आणि तो संख्येनं जास्त असतो.

समाजसुधारक हमीद दलवाईंनी १८ एप्रिल १९६६ ला सात मुस्लिम बायकांचा मोर्चा विधानभवनावर नेला, तो नागरिकाचा हक्क मागायला. ती वाट खरी होती, तिच्यावर फार कुणी चाललं नाही.

आणि झेंड्याचा प्रश्न आमच्या घरात टोमणा नाही. माझे आजोबा रझाकारांच्या, म्हणजे निजामाच्या बाजूनं लढणाऱ्या टोळ्यांच्या, धाकानं गाव सोडून पैनगंगेपलीकडं जाऊन राहिले होते.

वकील_आपा

दादा, तुमच्या आजोबांचं दुःख मी मान खाली घालून ऐकते. पण त्याच काळातल्या आणखी दोन गोष्टी त्याच झेंड्याखाली सांगितल्या जाव्यात. ऑगस्ट १९४८ मध्ये हैदराबादला 'इमरोज' या उर्दू दैनिकाचे संपादक शोएबुल्ला खान यांना रझाकारांनी मारलं. हैदराबादनं भारतात यावं असं ते लिहीत होते. किती शाळांत १७ सप्टेंबरच्या भाषणात त्यांचं नाव येतं? दुसरी गोष्ट पोलीस ॲक्शननंतरची, म्हणजे सप्टेंबर १९४८ मध्ये भारतीय सैन्य हैदराबादेत शिरलं त्यानंतरची. केंद्र सरकारनंच पाठवलेल्या पंडित सुंदरलाल समितीनं त्या दिवसांत २७ ते ४० हजार माणसं मेल्याचा अंदाज दिला. जास्तीत जास्त झळ बसलेल्या जिल्ह्यांत उस्मानाबाद आणि नांदेड होते. तो अहवाल कित्येक दशकं लोकांसमोर आला नाही. आमच्या घरात आजी त्यावर कधीच बोलली नाही. "वो दिनां मत पूछ" एवढंच. रझाकारांचा जाब आजही आमच्या पोरांना विचारला जातो, शोएबुल्लांचा वारसा मात्र त्यांना कुणी देत नाही.

दलवाईंचंही तसंच. त्या सात जणी तोंडी तलाकविरुद्ध बोलल्या त्या मुसलमान बायका म्हणूनच. दुसऱ्या कुणाला ते बोलता आलं नसतं. २२ ऑगस्ट २०१७ ला सर्वोच्च न्यायालयानं तो तलाक रद्द ठरवला, तेव्हाही दाद मागणाऱ्या मुस्लिम बायकाच होत्या. ओळख बाजूला ठेवली असती तर मागणीच उरली नसती.

तांबोळी_गल्ली

दोन्ही बाजू 'मुसलमान' म्हणजे एकच गठ्ठा धरून बोलतात. बागवान, अत्तार, पिंजारी, मोमीन, मणियार, फकीर, शिकलगार यांना मोहल्ल्यातले जिम्मेदार तरी कधी विचारतात? जालन्याच्या शब्बीर अन्सारींनी मुस्लिम ओबीसींची चळवळ उभी केली, १९९४ मध्ये राज्य सरकारचा निर्णय निघाला, तेव्हा आमच्या पोरांना ओबीसीचा दाखला मिळायला लागला. २०१४ ला मुसलमानांसाठी वेगळ्या ५ टक्के आरक्षणाचा अध्यादेश आला आणि त्याच वर्षी संपला. उच्च न्यायालयानं शिक्षणातलं चालू ठेवलं होतं, तरी कायदा झाला नाही. टिकलं ते जातीच्या कागदावरचं.

तो कागद कसा मिळतो ते ऐका. ओबीसीला १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा पुरावा लागतो. आमच्याकडं जुना पुरावा म्हणजे निजामाच्या काळातली शाळेची नाहीतर महसुलाची नोंद, तीही उर्दूत, साल फसली, म्हणजे निजामाच्या महसुली कालगणनेतलं. १३५० फसली म्हणजे १९४० च्या आसपास, हे टेबलावरच्या पोराला ठाऊक नसतं. माझ्या पुतण्याच्या वेळी पानाच्या कडेला वाळवीनं नक्षी केली होती, 'तांबोळी' हा शब्द तेवढा शाबूत होता. भाषांतर, शपथपत्र, परत खेटे.

आणि २०२३ ला न्यायमूर्ती शिंदे समितीनं मराठ्यांच्या ओबीसी दाखल्यासाठी कुणबी नोंदी शोधायला घेतल्या तेव्हा हीच दप्तरं उघडली, उर्दू आणि मोडी वाचणारे शोधावे लागले. मराठा शेजाऱ्याच्या पोराचं भविष्य ज्या अक्षरांत लिहिलंय ती अक्षरं आमच्या म्हाताऱ्या मास्तरांना वाचता येतात. याला सार्वजनिक काम म्हणायचं नाही तर काय?

काळी_माती

कामून एवढं लांबण? पोरं उर्दू शाळेत घालता, सातवी-आठवीनंतर मराठी शाळेत येतात, अर्ज लिहायला येत नाही, तहसीलला गेले की एजंटाच्या हातात. मी शेतकरी माणूस, आमच्या वर्गात असे दोस्त होते, हुशार होते, मागं पडले. मराठी पक्की करा, बाकी आपोआप होईल.

मांजराकाठ

काळी_माती, मराठीचं तुमचं म्हणणं मी दोन्ही हातांनी घेतो. मराठवाड्यात मराठीशिवाय सातबारासुद्धा हलत नाही, आणि माझी पोरं मराठी शाळेतच आहेत. पण उर्दू टाकून द्यायची का? अकोला जिल्ह्यात पातूर नगरपरिषदेच्या पाटीवर मराठीबरोबर उर्दू होतं म्हणून कोर्टबाजी झाली. सर्वोच्च न्यायालयानं १५ एप्रिल २०२५ ला ती पाटी राहू दिली. उर्दू इथलीच भाषा आहे आणि भाषेला धर्म नसतो, असं निकालात आहे. मराठी पक्की आणि उर्दू शाबूत, एवढं आपल्या पोरांना झेपतं.

गोदातीर दादा, तुम्ही पक्षाचं बोलताय, मी ग्रामसभेचं बोलतोय. मत कुणाला द्यायचं ते ज्याचं त्यानं बघावं. औरंगाबाद महापालिकेत एप्रिल २०२० नंतर पाच वर्षांहून जास्त काळ प्रशासक होता. नगरसेवक हिंदू हवा की मुसलमान हा प्रश्नच नव्हता, नगरसेवकच नव्हता. पाणी तरी कुणाच्या नळाला रोज आलं? माणसं स्वतः जाऊन उभी राहत नाहीत तिथं हेच होतं, धर्म कुठलाही असो.

गोदातीर

शोएबुल्ला खानांचं नाव १७ सप्टेंबरच्या भाषणात घ्यायला मी आमच्या शाळेत सांगणार आहे. बाकी मत बदललेलं नाही. उद्या तुमच्याच गल्लीतला कुणी पंचायत समितीला उभा राहील आणि 'समाजाची इज्जत' म्हणून मत मागेल. तेव्हा काय कराल?

मांजराकाठ

ग्रामपंचायतीचं प्रोसिडिंग बुक मागवीन. १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबर, २६ जानेवारी, दर सभेला कोण हजर होतं आणि कोण काय बोललं याची नोंद त्यात असते. त्याचं नाव सापडलं तर मत, नाहीतर नाही. आणि त्याच्या विरोधात उभा राहणाऱ्या पाटलांनाही हेच माप.