शब्दचर्चा : ताबा, कब्जा, वहिवाट

प्रश्न : शेजाऱ्याने कुंपण दोन फूट आत सरकवलं आहे. मुंबईच्या उपनगरातल्या गावठाणातली जागा. दाव्याच्या मसुद्यात कुठे 'ताबा', कुठे 'कब्जा', कुठे 'वहिवाट' असं लिहिलंय. हे शब्द एकमेकांच्या जागी चालतात का?

उत्तर : पहिले दोन चालतात, तिसरा नाही. 'कब्जा' अरबीतून आला, मूळ अर्थ मूठ, पकड. म्हणून बोलताना त्याला बळजबरीचा वास येतो : ताबा दिला जातो, कब्जा केला जातो. कायद्यात मात्र असा फरक नाही. जुन्या कागदांत 'कब्जेदार' म्हणजे सरळ धारण करणाराच, आता त्याला 'भोगवटादार' म्हणतात.

'वहिवाट' जपून वापरा. तिचा एक अर्थ चालत आलेला वापर आणि दुसरा, दुसऱ्याच्या जमिनीवरून जाण्यायेण्याचा वगैरे हक्क, ज्याला शासकीय मराठीत 'सुविधाधिकार' म्हणतात. नुसत्या वापरावरून तो मिळवायचा तर १८८२ च्या कायद्याप्रमाणे २० वर्षांचा शांत, उघड, अखंड वापर लागतो. 'या पट्टीवर आमची वहिवाट आहे' एवढंच लिहिलंत तर समोरचा वकील म्हणेल, म्हणजे मालकी आमचीच, तुम्ही फक्त ये-जा करता! पट्टी तुमची असेल तर 'मालकी व ताबा' हेच शब्द हवेत.

पुरवणी : 'ताबा होता' आणि 'ताबा आहे' यांतल्या काळाकडेही लक्ष द्या. कुंपण सरकलं म्हणजे पट्टीचा ताबा गेला. तरीही नुसता मनाई हुकूम मागायचा, ही नेहमीची चूक. ताबाच नाही तर हरकत कशाला मना करणार? ताबा परत मागावा लागतो. मालकीच्या वादात न शिरता, केवळ हुसकावल्याच्या मुद्द्यावर, विशिष्ट साहाय्य अधिनियमाच्या (Specific Relief Act) कलम ६ खाली दावा करता येतो, पण ६ महिन्यांच्या आत. त्या हुकुमावर अपील नसतं. मुदत टळली तर मालकीवर आधारित दावा, त्याला १२ वर्षं. ही १२ वर्षं शेजाऱ्याचा ताबा 'प्रतिकूल' (म्हणजे तुमच्या मालकीविरुद्ध, उघडपणे स्वतःचा म्हणून धरलेला) झाल्यापासून मोजतात, तुम्हाला कळलं त्या दिवसापासून नव्हे.

हद्द या शब्दाबद्दल : हद्द आणि ताबा वेगळे. 'हद्द कायम मोजणी' केली की भूकरमापक अभिलेखाप्रमाणे रेषा दाखवतो, जागेवरची वहिवाट वेगळ्या रेषेने काढतो. तो ताबा देत नाही. मोजणी मान्य नसेल तर वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी, तिला 'निमताना' म्हणतात. दाव्यात कोर्ट कमिशनर (जागेची पाहणी करून अहवाल द्यायला कोर्टाने नेमलेला माणूस) नेमला जातो तोही मोजमापासाठी; ताबा कोणाचा, हे ठरवायला कमिशनर मागितला तर अर्ज फेटाळला जातो, कारण ते पुराव्याने शाबीत करायचं असतं.

एक बारकावा. शेतजमिनीच्या जुन्या टिपणांतली (मोजणीच्या मूळ नोंदींतली) साखळी ३३ फुटांची, तिचे १६ आणे. म्हणजे १ आणा दोन फुटांहून पाऊण इंच जास्त. दोन फुटांचा वाद तिथे एका आण्याचाही नाही. म्हणून गावठाणात सिटी सर्व्हेचा (सी.टी.एस., म्हणजे नगर भूमापनाचा) नकाशा आणि मालमत्ता पत्रक (प्रॉपर्टी कार्ड) धरा.

'स्टे'बद्दल : शेजाऱ्याचं बांधकाम थांबवायला लागतो तो मनाई हुकूम, म्हणजे 'व्यादेश'. स्टे म्हणजे स्थगिती. ती एखाद्या हुकुमाला किंवा कामकाजाला असते. उपनगरातला असा दावा दिंडोशीच्या शहर दिवाणी न्यायालयात. भाडेकरू-मालक असं नातं असेल तर मात्र लघुवाद न्यायालयात. इथे चुकलं तर वर्षं वाया जातात.

मूळ प्रश्नकर्ता : मग मागणीचं वाक्य कसं असावं?

उत्तर : नुसतं 'अतिक्रमण काढावे' नको. पट्टीचं माप नसेल तर हुकूम मिळूनही बजावणीला आलेल्या बेलिफाला कुठून तोडायचं ते कळत नाही. सोबतच्या नकाशात पट्टीच्या चार कोपऱ्यांना अ, ब, क, ड अशी अक्षरं द्या, रंग भरा आणि लिहा :

'सी.टी.एस. क्रमांक … यापैकी नकाशात अ-ब-क-ड ने दर्शविलेली, पूर्व-पश्चिम २ फूट व दक्षिणोत्तर … फूट मापाची, चतुःसीमा खाली दिलेली पट्टी वादीच्या मालकीची असल्याचे जाहीर व्हावे, प्रतिवादीने तीवरील कुंपण स्वखर्चाने काढून खुला ताबा वादीस द्यावा, आणि त्यानंतर वादीच्या ताब्यास हरकत करू नये असा कायमचा मनाई हुकूम व्हावा.'